गुरुवारी फुकट मिळणारा 'ऑस्टिन क्रॉनिकल': तुम्ही उचलता का?

बार्टनकाठ

ऑस्टिनमध्ये आता आपली मराठी माणसं भरपूर झालीयेत, मंडळाच्या गणपतीला पार्किंग शोधत फिरावं लागतं. पण गप्पांमध्ये एक गोष्ट वारंवार लक्षात येते, की पाच-सात वर्षं इथे राहिलेल्या बऱ्याच जणांनी क्रॉनिकल, म्हणजे गावचं फुकट साप्ताहिक, कधी उघडूनच बघितलेला नसतो. कॉफी शॉपच्या दाराशी, लायब्ररीत, आपण टॅको खायला जातो तिथे कोपऱ्यातल्या स्टँडवर गठ्ठा पडलेला असतो आणि फुकट आहे म्हणजे जाहिरातींचं चोपडं असणार असं समजून लोक पुढे जातात. मला हे फार लागतं. या गावाला जे काही नाव मिळालंय त्यात या फुकट अंकाचा वाटा खूप मोठा आहे, म्हणून हा धागा.

थोडा इतिहास सांगतो. सत्तरच्या दशकात ऑस्टिन म्हणजे विद्यापीठ, टेक्सासची विधानसभा आणि स्वस्त भाडी. १९७० साली एका जुन्या आर्मरीच्या, म्हणजे शस्त्रागाराच्या, इमारतीत आर्माडिलो वर्ल्ड हेडक्वार्टर्स नावाचा संगीताचा हॉल सुरू झाला. कंट्री गायक विली नेल्सन १९७२ मध्ये नॅशव्हिलला रामराम ठोकून इकडे आला आणि एकाच हॉलमध्ये हिप्पी पोरं आणि हॅटवाले काउबॉय शेजारी शेजारी बसून त्याला ऐकायला लागले, त्या काळात ही मोठीच गोष्ट होती. १९७५ मध्ये क्लिफर्ड अँटोनने सिक्स्थ स्ट्रीटवर ब्लूजसाठी अँटोन्स काढलं. मग ३१ डिसेंबर १९८० च्या रात्री शेवटचा कार्यक्रम होऊन आर्माडिलो बंद झालं, त्या जागी ऑफिसची इमारत आली. आधीची दोन पर्यायी पत्रं, द रॅग आणि ऑस्टिन सन, ती तर त्याआधीच बंद पडलेली. म्हणजे गाणारे वाजवणारे गावात भरपूर, पण त्यांच्याबद्दल मनापासून लिहिणारं कोणी उरलेलं नाही अशी अवस्था. अशा वेळी ४ सप्टेंबर १९८१ ला क्रॉनिकलचा पहिला अंक निघाला. काढणारे निक बार्बारो आणि लुई ब्लॅक, आणि त्यांच्याबरोबर युनिव्हर्सिटीत सिनेमा शिकणारी मित्रमंडळी. सुरुवातीला पाक्षिक होता, पुढे साप्ताहिक झाला.

आता मुद्द्याचं. त्यातले लेख चांगले असतातच, पण माझ्या मते क्रॉनिकलचा खरा प्राण म्हणजे मागची यादीची पानं. या आठवड्यात गावात कुठल्या दिवशी कुठल्या जागी कोण वाजवतंय, बारीक टायपात, जागेच्या नावाने, अकारविल्हे. एकदा ते पान नीट वाचा. अँटोन्सच्या खाली ब्रोकन स्पोक, त्याच्या खाली कॉन्टिनेंटल क्लब, मग होल इन द वॉल, सॅक्सन पब. ज्याच्या तिकिटासाठी रांग लागणार तो मोठा बँड आणि ज्याला ऐकायला स्वतःची आई आणि दोन मित्र येणार तो पोरगा, दोघांना एकच ओळ, एकच टाइप. कॉन्टिनेंटलला संध्याकाळी साडेसहाचा वेगळा कार्यक्रम असतो, ऑफिसातून सुटून थेट गेलात तर नऊला घरी जेवायला येता येतं, हे मला त्या पानावरूनच कळलं. आणि रविवारी बर्नेट रोडवरच्या लिटल लाँगहॉर्न सलूनमध्ये जो प्रकार चालतो, तिथे आकडे लिहिलेल्या फळीवर कोंबडी सोडतात आणि ती ज्या आकड्यावर घाण करेल त्याला पैसे मिळतात, मागे अस्सल कंट्री बँड वाजत असतो, ते सुद्धा!

हे पान नसतं तर छोट्या जागा जगल्याच नसत्या. बारमालकाला माहीत असतं की गुरुवारी नाव छापून येतंय, म्हणून तो नवख्या पोरांना मंगळवारची रात्र द्यायला तयार होतो. पोरांना माहीत असतं की नाव येईल, म्हणून ती जीव तोडून बसवतात. आणि कधीतरी त्या मंगळवारी क्रॉनिकलचं कोणीतरी मागे उभं राहून ऐकत असतं.

तर सांगा, कोण कोण वाचतं? आणि तुमच्या शहरात असं काही आहे किंवा होतं का?

---

खमाज

मस्त धागा. मी पुण्यात, ऑस्टिन फक्त नकाशावर बघितलंय. पण यादीच्या पानाचं एकदम पटलं. आमच्याकडे लहानपणी शनिवार-रविवारच्या पेपरात नाटकांच्या जाहिरातींचं पान आधी उघडलं जायचं, बातम्या नंतर. बालगंधर्वला काय, भरत नाट्यला काय, टिळक स्मारकला काय, दुपारी साडेबारा की रात्री साडेनऊ, सगळं त्या छोट्या चौकोनांत. पण ती पैसे भरून दिलेली जाहिरात असते, ज्याच्याकडे पैसे नाहीत तो त्या पानावर दिसतच नाही.

एक प्रश्न. फुकट वाटायचा, यादी पण फुकट छापायची, तर कागद, छपाई, लेखकांचे पैसे हे सगळं येतं कुठून?

---

बार्टनकाठ

@खमाज, जाहिराती. पण कुठल्या जाहिराती ते बघायला मजा येते. क्लबवाले, रेकॉर्डची दुकानं, गिटार दुरुस्त करणारे, टॅकोवाले, म्हणजे ज्यांचं गिऱ्हाईक याच गावात आहे आणि टीव्हीवर जाहिरात करायची ज्यांची ऐपत नाही असे. फुकट वाटायची पद्धत शिकागो रीडरने १९७१ पासून करून दाखवली आणि ती बऱ्याच शहरांनी उचलली. हिशोब असा की अंक विकत ठेवला तर थोडे घेतील, फुकट ठेवला तर गावातला प्रत्येक विशीतला माणूस उचलेल, आणि जाहिरातदाराला नेमका तोच हवा असतो.

दुसरी मोठी कमाई छोट्या जाहिरातींची होती. रूममेट हवाय, जुना अँप्लिफायर विकायचाय, "ड्रमर पाहिजे, स्वतःची गाडी असल्यास उत्तम", शिवाय एकट्या माणसांच्या ओळखीच्या जाहिराती. ओळीवर पैसे. २००० नंतर क्रेगलिस्ट आली आणि हे सगळं तिथे फुकट व्हायला लागलं, देशभरातल्या अशा साप्ताहिकांचा कणाच मोडला तिथे. लेख आवडेनासे झाले म्हणून ही पत्रं बंद पडली असं नाहीये, रूममेट शोधणारे निघून गेले म्हणून बंद पडली.

---

हडसनकर

न्यू जर्सीतून हजेरी. आमच्या बाजूचा मोठा दाखला म्हणजे व्हिलेज व्हॉइस. १९५५ चा. आधी विकत होता, १९९६ पासून मॅनहॅटनमध्ये फुकट झाला. मी आलो तेव्हा कोपऱ्याकोपऱ्यावर त्याच्या लाल प्लास्टिकच्या पेट्या होत्या, झाकण वर करायचं आणि अंक काढायचा. माझ्या ऑफिसातले एक जुने गृहस्थ सांगायचे की त्यांच्या तरुणपणी मंगळवारी रात्री लोक अॅस्टर प्लेसच्या पेपर स्टॉलवर जाऊन उभे राहायचे, कारण ताजा अंक सगळ्यात आधी तिथे पडायचा, आणि भाड्याच्या जागांच्या जाहिराती बघून लगेच बाजूच्या फोनवरून घरमालकाला गाठायचं, सकाळपर्यंत थांबलात तर जागा गेली. म्हणजे बार्टनकाठ म्हणतात तेच, नाटकाचं परीक्षण वाचायला येणाऱ्यांपेक्षा खोली शोधायला येणारे जास्त, आणि त्यांच्या जिवावर परीक्षणं छापली जायची.

सप्टेंबर २०१७ मध्ये शेवटचा छापील अंक आला, मुखपृष्ठावर बॉब डिलन. पुढच्या वर्षी वेबसाइटचंही काम थांबवलं, मग २०२१ मध्ये नव्या मालकाने पुन्हा सुरू केला. पण मधल्या काळात पेट्या उचलल्या गेल्या त्या गेल्याच. बॉस्टन फिनिक्स तर त्याआधीच मार्च २०१३ मध्ये गेला. ऑस्टिनचा अजून छापून येतोय याचंच मला कौतुक वाटतंय.

---

मोहोर

लंडनहून. आमच्याकडे टाइम आउट. १९६८ पासूनचा, अनेक वर्षं विकत, २०१२ मध्ये फुकट केला. संध्याकाळी ट्यूब स्टेशनच्या तोंडाशी हातात द्यायचे, गाडीत बसून चाळायचा, शनिवारचं ठरवायचं. जून २०२२ मध्ये छापील अंक थांबला. संगीतवाला एनएमई पण तसाच, १९५२ पासूनचा, २०१५ मध्ये फुकट वाटायला लागले आणि २०१८ मध्ये कागदावर बंद.

मला वाटतं या दोन्हींत आणि क्रॉनिकलमध्ये फरक आहे. ही दोन्ही आधी विकली जायची, खप उतरल्यावर फुकट केली. फुकट केल्यावर पानं कमी झाली, टाइम आउटच्या जुन्या जाड अंकात उपनगरातल्या पबच्या वरच्या मजल्यावर चालणाऱ्या जॅझचीही नोंद असायची, फुकट अंकात निवडक दहा-पंधरा गोष्टी आणि बाकी खाण्याच्या जागा. म्हणजे संपूर्ण यादी गेली आणि "आमची निवड" उरली. बार्टनकाठ, तुम्ही ज्या पानाबद्दल लिहिलंय तेच आमच्याकडे आधी मेलं, अंक नंतर.

---

रानवारा

मी ऑस्टिनलाच आहे, नॉर्थला, आणि मोकळेपणाने सांगतो, मी क्रॉनिकल उचलत नाही आणि मला त्याची गरज पण वाटत नाही. सगळे बँड, सगळ्या जागा इन्स्टाग्रामवर आहेत. मला जे आवडतं ते आपोआप समोर येतं, तिकीट तिथेच काढता येतं, रद्द झालं तर लगेच कळतं. छापील यादीत गुरुवारी छापलं आणि शुक्रवारी गायकाचा घसा बसला तर? शिवाय कागद किती वाया जातो. जुन्या माणसांना आठवणी असतात ते समजू शकतो, पण गरज म्हणाल तर संपलीये असं माझं मत.

---

बार्टनकाठ

@रानवारा, रद्द झाल्याचं फोनवरच कळणार हे मान्य, आणि क्रॉनिकलची यादी वेबसाइटवरही असते, मी सुद्धा जायच्या आधी तिथे बघतो. पण "मला जे आवडतं ते समोर येतं" यावर अडतो मी. तुम्हाला काय आवडू शकतं हे तुम्ही अजून ऐकलंच नसेल तर? इन्स्टा तुम्हाला कालच्या तुमच्यासारखंच काहीतरी दाखवणार. छापील पानावर डोळा घसरत जातो. मी इंडी रॉक शोधत होतो आणि वरच्या ओळीत कोन्हुंतो दिसलं, म्हणजे मेक्सिकन अकॉर्डियनवालं संगीत, ईस्ट साइडला, तिकीट नाही. गेलो, आणि आता ते संगीत माझं झालंय. कोणत्याही अॅपने मराठी नावाच्या माणसाला ते सुचवलं नसतं.

आणि दुसरं, नुसती यादी नाही, त्यामागे ऐकणारी माणसं आहेत. मार्गारेट मोझरबद्दल वाचा कधी. कॉलेजची पदवी नाही, ऑस्टिन सनमध्ये सफाईच्या कामापासून सुरुवात, मग क्रॉनिकलमध्ये अनेक दशकं संगीतावर लिहिलं, आणि ऑस्टिन म्युझिक अवॉर्ड्स वर्षानुवर्षं तिनेच उभे केले. वाचकांनी मतं द्यायची, गावातला उत्तम ड्रमर कोण, उत्तम बास कोण, अशी सगळी बक्षिसं. २०१७ मध्ये ती गेली तेव्हा गावातल्या चार पिढ्यांचे वाजवणारे हळहळले.

डॅनियल जॉन्स्टनचं उदाहरण तर सगळ्यांना माहीत असेल. ग्वाडलूप स्ट्रीटवर युनिव्हर्सिटीसमोर मॅकडोनाल्ड्समध्ये काम करणारा, मनाने आजारी असलेला मुलगा, घरी साध्या टेपरेकॉर्डरवर गाणी भरून कॅसेट रस्त्यावर लोकांच्या हातात द्यायचा. कुठलीही कंपनी त्याला दारात उभी करत नव्हती आणि इथे क्रॉनिकलच्या वाचकांनी त्याला मतं देऊन बक्षिसं दिली. त्याने १९९३ मध्ये एका रेकॉर्डच्या दुकानाच्या भिंतीवर काढलेला डोळेवाला बेडूक अजून ग्वाडलूपवर आहे, २००४ मध्ये ती भिंत पाडायची वेळ आली तेव्हा लोकांनी बोलून ती वाचवली. आपली पोरं त्याच्यासमोर फोटो काढतात, पण तो कोणाचा ते विचारत नाहीत.

---

सतारवाली

मी ऑस्टिनमध्ये शिकवते आणि वर्षातून काही वेळा छोट्या बैठका करतो आम्ही, चाळीस-पन्नास माणसं, सतरंज्या, चहा. मंडळाच्या ग्रुपवर आणि व्हॉट्सॅपवर टाकलं की तीच ती ओळखीची मंडळी येतात, त्यांच्यावर प्रेमच आहे, पण कलाकाराला वाटतं नवीन कान मिळावेत. एका मैत्रिणीने सांगितलं म्हणून क्रॉनिकलच्या फॉर्मवर नोंद भरली, कोण, कुठे, किती वाजता, कुठला राग सुरुवातीला असेल ते सुद्धा लिहिलं. पैसे काही नाहीत. नोंद आली, एकच ओळ, कंट्री आणि पंकच्या मध्ये.

त्या बैठकीला तीन अनोळखी अमेरिकन आले. एक जण पेडल स्टील गिटार वाजवणारा निघाला, म्हणजे आडवी ठेवून लोखंडी पट्टी फिरवत वाजवतात ती. त्याने मध्यंतरात मींडेबद्दल इतके नेमके प्रश्न विचारले की आमचे तबलजी चहा विसरले. तो आता प्रत्येक बैठकीला येतो आणि जाताना डब्यात पैसे टाकतो, इथे टिप जारची सवय आहे ना. @रानवारा, हा माणूस आमच्या इन्स्टावर कधीच पोचला नसता, त्याला आमचं अकाउंट असल्याचंच माहीत नव्हतं.

---

नदीपलीकडे

धागा चांगला चाललाय, पण एक अवघड गोष्ट कोणीच काढली नाही म्हणून काढतो. साउथ बाय साउथवेस्ट, म्हणजे दर मार्चमध्ये इथे भरणारा संगीताचा मोठा उत्सव. १९८७ मध्ये सुरू करणारे कोण? रोलंड स्वेन्सन, लुई मायर्स, आणि हेच लुई ब्लॅक नि निक बार्बारो. सगळं क्रॉनिकलच्या ऑफिसातून. पहिल्या वर्षी दीडशे लोक येतील असा अंदाज होता, सातशेवर आले. कल्पना सुंदर होती, की आपल्या गावातल्या बँडना बाहेरच्या कंपन्यांनी येऊन ऐकावं. १९९१ मध्ये सिटी कौन्सिलने "जगाची लाइव्ह संगीताची राजधानी" असं स्वतःचं नाव लावून घेतलं. १९९४ मध्ये सिनेमा आणि मल्टिमीडिया जोडलं, मग टेकवाले आले, मग आपण आलो.

आता परिणाम बघा. गावाचं नाव झालं, भाडी वाढली, आणि ज्या ड्रमरसाठी हे सगळं केलं तो आता गावाबाहेर काइल किंवा लॉकहार्टला राहतो आणि ड्रम गाडीत टाकून तासभर ट्रॅफिकमधून येतो, टिप जारवर वाजवतो. १९९९ मध्ये लिबर्टी लंच हा संगीताचा क्लब गेला, नंतर कित्येक जागा गेल्या. मार्चमध्ये साउथ बायच्या आठवड्यात गावच्याच माणसाला सिक्स्थ स्ट्रीटवर शिरता येत नाही. आणि ज्या साप्ताहिकाने याबद्दल कडक लिहायला हवं होतं त्याचेच मालक वर्षानुवर्षं उत्सवाचेही मालक होते. हे मला खटकतं, आणि मी क्रॉनिकल आवडीने वाचतो तरी खटकतं.

---

बार्टनकाठ

@नदीपलीकडे, खटकणं रास्त आहे. मालकी एकत्र असली की वाचकाने डोळे उघडे ठेवूनच वाचायला हवं. मी दोन गोष्टी फक्त जोडतो.

एक, भाडेवाढीमागे गावाची जमीन, कर, टेक कंपन्या हे सगळं आहे, सगळा भार उत्सवावर टाकता येणार नाही. मार्च २०२० मध्ये कोविडमुळे उत्सव आयत्या वेळी रद्द झाला तेव्हा गावातले वेटर, साउंडवाले, टॅक्सीवाले किती जण त्या दहा दिवसांवर वर्ष काढत होते ते उघड झालं. २०२१ मध्ये पेन्स्के या बाहेरच्या मीडियावाल्यांच्या कंपनीने उत्सवात निम्मा वाटा घेतला, म्हणजे आता तो पूर्वीसारखा गावचा घरगुती उत्सव राहिलेलाही नाही.

दोन, क्रॉनिकलने जमिनीबद्दल लिहिलं नाही असं म्हणता येणार नाही. १९९० मध्ये बार्टन क्रीकच्या वरच्या अंगाला हजारो एकरांवर बांधकामाचा प्रस्ताव आला होता, ७ जूनला सिटी कौन्सिलसमोर लोक रात्रभर बोलत राहिले आणि पहाटे प्रस्ताव फेटाळला गेला. पुढे १९९२ मध्ये मतदानाने बार्टन स्प्रिंग्ज हा झरा वाचवायचा कायदा झाला. त्या सगळ्या काळात क्रॉनिकलचा डॅरिल स्लशर आठवड्यामागून आठवडा कोण बिल्डर, कोण कौन्सिलर, कोणाचे पैसे कुठे हे लिहीत होता, १९९६ मध्ये तो स्वतःच निवडून कौन्सिलवर गेला. बार्टन स्प्रिंग्जमध्ये आपण पोहायला जातो, ते बारा महिने गार पाणी टिकलंय त्यात या लिखाणाचाही हात आहे. गाण्याची यादी बघायला उचललेल्या अंकात हे वाचलं जायचं, ही फुकट अंकाची ताकद.

आणि वाजवणाऱ्यांच्या हालाबद्दल, हाम माहीत असेल, हेल्थ अलायन्स फॉर ऑस्टिन म्युझिशियन्स, २००५ पासून. ज्यांना विमा नाही अशा कलाकारांना डॉक्टर, दात, डोळे यासाठी मदत मिळवून देतात. आपल्या मंडळींनी देणगीसाठी जरूर बघावं.

---

सदाशिवकर

वाचून राहवेना म्हणून लिहितोय. पुण्यात हे का झालं नाही? माणसं कमी आहेत का? सवाई १९५३ पासून आहे, तिथे थंडीत शाल घेऊन हजारो बसतात. पण त्याच पुण्यात एखाद्या शाळेच्या वर्गात, एखाद्या गुरुजींच्या गच्चीवर जी गुरुपौर्णिमेची बैठक होते ती कळते कोणाला? ज्याला आधीच माहीत आहे त्यालाच. माझ्या भाचीचा बँड आहे, मराठी गाणी स्वतः लिहितात, चांगली लिहितात हो, कोथरूडच्या एका कॅफेत वाजवलं त्यांनी. मला कळलं फोटो आल्यावर!

मुंबईत रंगभवनला १९८६ पासून इंडिपेंडन्स रॉक हा रॉक बँडचा महोत्सव व्हायचा. शांतता क्षेत्राच्या नियमामुळे ते मोकळं मैदानी थिएटर बंद पडलं, त्यावर ओरड झाली, पण ओरड आठवडाभराची. पाठपुरावा करणारं गावचं साप्ताहिक नव्हतं. अलाहाबादहून १९९३ पासून रॉक स्ट्रीट जर्नल निघायचं, अमित सैगलचं, त्याने देशभरातल्या बँडना एकमेकांची ओळख करून दिली, कोणीही नाकारणार नाही. पण ते देशाचं मासिक, आज संध्याकाळी डेक्कनवर काय आहे ते त्यात कसं येणार. आमच्याकडे पेपरची "शहरात आज" अशी पट्टी असते, तिच्यात व्याख्यानं, पुस्तक प्रकाशनं, आणि जागा उरली तर गाणं.

---

खमाज

सदाशिवकर, तुमची कळकळ पोचली. मला वाटतं आपल्याकडे अडचण जागांची आहे. ऑस्टिनमध्ये बार रोज रात्री उघडा असतो आणि रोज कोणीतरी वाजवतंच, म्हणून आठवड्याची यादी भरते. आपल्याकडे हॉल घ्यायचा, साउंडचं बघायचं, परवानगी, दहाच्या आत संपवायचं. कार्यक्रम हा प्रसंग असतो, रोजचा व्यवहार नसतो. तरी पण पुण्यात आता कॅफे, छोटी ब्लॅक बॉक्स नाट्यगृहं, सुदर्शन रंगमंचसारख्या जागा धरल्या तर आठवड्याची दोन पानं सहज भरतील. वाटायची कुठे? अमृततुल्यवर. प्रत्येक अमृततुल्यच्या काउंटरवर गठ्ठा ठेवायचा, संध्याकाळपर्यंत संपेल. आणि जाहिरात क्लासवाले देतील, मेसवाले देतील, कॉट बेसिसवाले तर नक्की देतील, म्हणजे रूममेटचा पैसा इथे अजून जिवंत आहे.

---

सदाशिवकर

कॉट बेसिसचं एकदम बरोबर! त्या चिठ्ठ्या अजून विजेच्या खांबांवर चिकटवतात. मी निवृत्त आहे, वेळ आहे. कोणी चार तरुण मंडळी जमवत असाल तर यादी गोळा करायचं काम मी घेतो, रोज फोन करून विचारीन. व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा.

---

रानवारा

बार्टनकाठ आणि सतारवाली, तुमचे प्रतिसाद वाचून या गुरुवारी अंक उचलला. लेखांपर्यंत पोचलो नाही अजून, यादीच वाचत बसलो. बायकोला विचारून ब्रोकन स्पोकला गेलो, १९६४ पासूनची जागा आहे आणि मी रोज साउथ लामारवरून जाताना तिला गोडाऊन समजत होतो. आठच्या सुमाराला टू-स्टेप नाच शिकवतात, शिकवणाऱ्या बाई एकेकाला धरून पावलं घालून देतात, मग बँड सुरू झाला की जमिनीवर सत्तरीच्या आजी-आजोबांपासून कॉलेजच्या पोरांपर्यंत सगळे एकाच दिशेने गोल फिरत नाचतात. बायको फार खूश आहे. रद्द वगैरेसाठी मी फोनच बघणार, तो मुद्दा सोडत नाही, पण अंक आता घरी येत राहील.

---

सतारवाली

@रानवारा, वा! पुढच्या बैठकीला दोघं या, यादीत नोंद येईलच, त्यात शोधा.

---

मोहोर

एक विचारू का, आपल्यातले जे ऑस्टिनला छोटे धंदे करतात, डबेवाले, योगवाले, किराणा, ते क्रॉनिकलला जाहिरात देतात का? कारण लंडनला टाइम आउटसाठी हळहळणारे आम्ही सगळे होतो, पण जाहिरात देणारे त्यातले किती होते ते माहीत आहे मला.

---

बार्टनकाठ

@मोहोर, फार कमी. याच कारणासाठी धागा काढला खरं तर, बरं झालं विचारलंत. जे देणार असतील त्यांनी कृपया इथे लिहा, चौकशी कशी करायची ते मी सांगतो. ज्यांचा धंदा नाही त्यांना क्रॉनिकलच्या साइटवरून वर्गणीसारखी मदत देता येते. आणि ज्यांना पैसे द्यायचे नाहीत त्यांनी निदान यादीतून जागा शोधून जावं आणि टिप जारमध्ये पाच डॉलर टाकावेत.

---

खमाज

शेवटचं विचारतो. भाचा ऑगस्टमध्ये युटीला, म्हणजे तुमच्या युनिव्हर्सिटी ऑफ टेक्सासला, एमएससाठी येतोय. गाणं ऐकतो, खिशात पैसे बेताचे. पहिल्या महिन्यात काय सांगू त्याला?

---

बार्टनकाठ

@खमाज, कॅम्पसला लागून ग्वाडलूपवर होल इन द वॉल आहे, १९७४ पासूनचं, चालत जाता येईल. उन्हाळ्याच्या शेवटाला क्रॉनिकलचा हॉट सॉस फेस्टिव्हल असतो, १९९० पासून चालू आहे, गावातले लोक घरी केलेले तिखट सॉस स्पर्धेला आणतात, दिवसभर बँड वाजतात, फूड बँकेसाठी मदत गोळा करतात. ऊन मरणाचं असतं, टोपी आणि पाण्याची बाटली न्यायला सांगा. आपल्या ठेच्यावर वाढलेला मुलगा तिथे मागे हटणार नाही. जानेवारीत रेड रिव्हर स्ट्रीटच्या क्लबांमध्ये फ्री वीक असतो, बरेच कार्यक्रम तिकिटाशिवाय, तेव्हा त्याला रोज रात्री जाऊ द्या, सेमिस्टर सुरू झालेली नसते. आणि विमानतळावरून आल्यावर पहिल्या गुरुवारी अंक कुठे मिळतो ते मी दाखवीन, मला व्यनितून त्याचा नंबर पाठवा.